सीईटीचा फॉर्म कुणाच्या हातानं भरायचा?

(पॉडकास्टच्या या भागाचं हे लिखित रूप. बारावी सायन्सच्या विद्यार्थ्यांसाठी आणि पालकांसाठी दसऱ्याआधी एका कनिष्ठ महाविद्यालयात केलेलं हे बोलणं आहे. बोलण्याची भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे. ज्यांना ऐकायला जमत नाही किंवा समोर ठेवून कागद जमवायचे आहेत, त्यांच्यासाठी.)

सरांनी मला बोलावलं तेव्हा सांगितलं होतं की अभ्यासावर बोलायचं नाही, त्यासाठी शिक्षक आहेत. मीही म्हटलं बरं झालं, कारण अभ्यासातलं मला फार कळत नाही. माझं तालुक्याच्या गावात ऑनलाइन कामांचं दुकान आहे. सातबारा, पीकविमा, रेशनकार्ड, उत्पन्नाचा दाखला, आणि हिवाळा आला की सीईटीचे फॉर्म. त्यामुळे मी बोलणार आहे ते फक्त फॉर्मवर. तुम्ही म्हणाल फॉर्मवर काय बोलायचं, अर्ध्या तासाचं काम. काम अर्ध्या तासाचंच आहे. पण त्याच्या मागचे कागद वर्षाचे असतात, आणि त्याच्या पुढे प्रवेशाची सगळी वाट असते. म्हणून थोडं बसून ऐका.

आपण बीड जिल्ह्यातली माणसं. इथं समोर बसलेल्यांपैकी बऱ्याच जणांचे आईवडील दसरा-दिवाळीच्या आसपास ऊसतोडीला जातील. कुणी कोल्हापूर-सांगलीकडं, कुणी कर्नाटकात. परत यायला मार्च-एप्रिल उजाडतो. आणि सीईटीची नोंदणी कधी असते? २०२४ आणि २०२५ च्या परीक्षांची नोंदणी ऐन हिवाळ्यात झाली. म्हणजे पोरगं गावात आजीजवळ किंवा होस्टेलवर, वडील फडात, आणि ओटीपी वडिलांच्या मोबाईलवर. ही गोष्ट कुठल्याही माहितीपुस्तिकेत लिहिलेली नसते. पण माझ्या दुकानात सगळ्यात जास्त फॉर्म अडतात ते इथंच.

आधी हे समजून घ्या की सीईटी म्हणजे काय

एमएचटी-सीईटी ही राज्याची परीक्षा. ती घेतं मुंबईचं राज्य सामाईक प्रवेश परीक्षा कक्ष, ज्याला आपण सीईटी सेल म्हणतो. इंजिनिअरिंग, फार्मसी, कृषी यांच्या पदवीचे प्रवेश या गुणांवर होतात. डॉक्टरकीला नीट, ती वेगळी, तिचा फॉर्म वेगळा. आयआयटी-एनआयटीला जेईई, तिचाही वेगळा. दरवर्षी एखादा पालक म्हणतोच, ‘ताई, नीटचा भरलाय की, मग हा कशाला?’ तर तो त्यासाठी नाही, म्हणून हा.

सीईटीत दोन ग्रुप आहेत. पीसीएम म्हणजे फिजिक्स, केमिस्ट्री, मॅथ्स. पीसीबी म्हणजे मॅथ्सच्या जागी बायोलॉजी. दोन्ही पेपर २०० मार्कांचे, तीन तासांचे, कॉम्प्युटरवर. चुकलेल्या उत्तराला मार्क कापत नाहीत. साधारण २० टक्के प्रश्न अकरावीवर, ८० टक्के बारावीवर. इंजिनिअरिंगला जायचं तर पीसीएम लागणारच. फार्मसी आणि कृषीला दोन्हीपैकी कुठलाही चालतो. ज्याचे चारही विषय आहेत आणि मन अजून ठरत नाही, त्याला दोन्ही ग्रुप देता येतात, पण मग फीही दोन्हीची. २०२५ च्या परीक्षेला एका ग्रुपची फी खुल्या प्रवर्गाला १,००० आणि राखीव प्रवर्गाला ८०० रुपये होती. मुदत उलटली तर वर ५०० रुपये विलंब शुल्क. फडातल्या माणसासाठी ५०० रुपये म्हणजे काय ते मी तुम्हाला सांगायला नको.

एक गोष्ट कॉमर्स आणि आर्ट्सवाल्या भावा-बहिणींसाठीही घेऊन जा. २०२४ पासून बीबीए, बीसीए, बीएमएस या अभ्यासक्रमांनाही सीईटी लागू झाली. त्या पहिल्या वर्षी कितीतरी मुलांना हे माहीतच नव्हतं. इतक्यांचे फॉर्म राहिले की जादा सीईटी घ्यावी लागली. दरवर्षी अशी जादा परीक्षा होईलच असं धरून चालू नका. कुठल्याही कोर्सचं मनात असेल तर आधी विचारा, याला सीईटी आहे का?

फॉर्म स्वतः भरा, असं मी का म्हणते

मी दुकानवाली. तुम्ही फॉर्म माझ्याकडं भरला तर मला चार पैसे मिळतात. तरी मी सांगते, माऊस तुमच्या हातात ठेवा. दुकानात या, बसा, नेट वापरा, अडलं तर विचारा. पण मोबाईल नंबर तुमचा, ई-मेल तुमचा, पासवर्ड तुमच्या वहीत.

होतं काय की सीझनला दुकानात रांग असते. दुकानदाराला घाई, पोराला लाज. दुकानदार विचारतो, ‘कॅटेगरी?’ पोरगं म्हणतं, ‘ओबीसी असेल.’ त्या ‘असेल’वर बटण दाबलं जातं. ई-मेल नाही म्हटलं की दुकानदार स्वतःचाच टाकतो, मोबाईलही कधी कधी स्वतःचाच. त्या दिवशी काम होतं. तीन महिन्यांनी हॉल तिकीट निघतं, निकाल लागतो, प्रवेशाच्या तारखा येतात, आणि सगळे मेसेज जातात त्या दुकानदाराकडं. त्याच्याकडं तसे दोनशे मेसेज आलेले असतात. तो कुणाकुणाला कळवणार?

एक मुलगा माझ्याकडं आला होता, दुसऱ्या गावचा. फॉर्म तिकडच्या एका दुकानात भरलेला. हॉल तिकीट काढायचं होतं, पासवर्ड माहीत नाही. पासवर्ड बदलायचा तर ओटीपी त्या दुकानदाराच्या नंबरवर, आणि दुकानदारानं सिमच बदललेलं. पोरगं दोन दिवस हेलपाटे घालत होतं, परीक्षा आठवड्यावर आलेली. शेवटी कसंबसं निघालं हॉल तिकीट. पण अभ्यासाचे ते दोन दिवस आणि त्याचा उतरलेला चेहरा, त्याची भरपाई कोण करणार?

म्हणून पहिलं काम आजच करा. प्रत्येकानं स्वतःचं ई-मेल खातं काढा. नाव साधं ठेवा, तुमचं नाव आणि आडनाव. ‘किंग’, ‘रॉयल’ असलं काही नको, पुढं नोकरीच्या अर्जावरही तेच द्यायचंय. पासवर्ड वहीच्या शेवटच्या पानावर लिहा. मोबाईल असा द्या की जो पुढची सहा-आठ महिने तुमच्याच हातात असेल आणि ज्याचं रिचार्ज संपणार नाही. वडिलांचा नंबर देणार असाल आणि वडील फडात असतील, तर तिथं रेंज असते का ते आधी विचारून घ्या.

नाव

सगळ्यात साधी गोष्ट, आणि सगळ्यात जास्त गोंधळ इथंच. आपल्या दहावीच्या मार्कलिस्टवर आडनाव आधी असतं, मग नाव, मग वडिलांचं नाव. आधारवर बहुतेकांचं नाव आधी आणि आडनाव शेवटी. हा क्रमाचा फरक चालतो. पण स्पेलिंगचा फरक त्रास देतो. एकीकडं शेवटी ए आहे, एकीकडं नाही. एकीकडं वडिलांचं पूर्ण नाव, एकीकडं नुसतं अक्षर. मार्कलिस्ट, आधार आणि जातीचा दाखला हे तिन्ही कागद शेजारी ठेवा आणि एक-एक अक्षर बोट ठेवून वाचा. जन्मतारीखही तशीच वाचा. फरक दिसला तर आधार दुरुस्त करायला आत्ता वेळ आहे. जानेवारीत नसेल.

आधारला जो मोबाईल जोडलाय तो चालू आहे का, हेही बघा. कितीतरी पोरांच्या आधारला वडिलांचा दहा वर्षांपूर्वीचा नंबर असतो, जो आता दुसऱ्याच कुणाचा झालाय. पुढं महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचा अर्ज करताना आधारचा ओटीपी लागतो. आधार केंद्रावर जाऊन अंगठा देऊन नंबर बदलून घ्या. आईवडिलांचाही, ते निघायच्या आधी.

प्रवर्ग: इथं ‘असेल’ चालत नाही

फॉर्ममध्ये प्रवर्ग विचारतात. घरात विचारा, दाखला बघा, आणि दाखल्यावर जे लिहिलंय तेच टाका. आपल्या भागात वंजारी समाज मोठा आहे. तो भटक्या जमाती ‘ड’ मध्ये येतो, म्हणजे एनटी-डी. दुकानात घाईत कुणी त्याला ओबीसी करून टाकतं. धनगर समाज एनटी-सी मध्ये. मराठा समाजासाठी २०२४ च्या कायद्यानं १० टक्के एसईबीसी आरक्षण आहे. घरात कुणबी नोंद सापडून दाखला निघाला असेल तर तो ओबीसी. यातलं काय टाकायचं ते घरात बसून, हातातले कागद बघून ठरवा. मित्रानं काय टाकलं ते बघून ठरवू नका. आणि ज्याला जातीचं आरक्षण लागू आहे, त्याला ईडब्ल्यूएस घेता येत नाही, हेही ध्यानात ठेवा.

आता कागदांचं गणित सांगते. सीईटीच्या फॉर्मला तसं थोडंच लागतं. फोटो, सही, ओळखपत्र, दहावीची माहिती. खरे कागद लागतात निकालानंतर, प्रवेशाच्या वेळी. म्हणून लोक म्हणतात, तेव्हाचं तेव्हा बघू. आणि तिथंच फसतात. कारण तीन कागद असे आहेत की ज्यांना वेळ लागतो, आणि त्यांचे दिवस आपल्या सीझनशी जुळवावे लागतात.

पहिला, जात वैधता प्रमाणपत्र. ज्याला आपण नुसतं ‘व्हॅलिडिटी’ म्हणतो. जातीचा दाखला वेगळा आणि व्हॅलिडिटी वेगळी. दाखला प्रांत कार्यालयातून मिळतो, व्हॅलिडिटी पडताळणी समिती देते. अर्ज कॉलेजमार्फत होतो, म्हणून तो बारावीत असतानाच टाकायचा, खरं म्हणजे अकरावीतच. त्याला पुरावे लागतात जुने. विमुक्त जाती आणि भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ च्या आधीचे, ओबीसीसाठी १३ ऑक्टोबर १९६७ च्या आधीचे. आता वडील शाळेत गेलेत १९८५ ला, किंवा गेलेच नाहीत. मग आजोबांचा, चुलत आजोबांचा शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा शोधावा लागतो. तो कुठल्या गावच्या शाळेत आहे हे फक्त घरातल्या म्हाताऱ्या माणसाला माहीत असतं. वडिलांकडच्या नात्यात, सख्ख्या काकाकडं किंवा चुलत भावाकडं व्हॅलिडिटी असेल तर तिची प्रत मिळवा, काम पुष्कळ सोपं होतं. पण हे सगळं वडील गावात असताना करायचं काम आहे. प्रतिज्ञापत्रावर सही लागते, आणि माणूस फडात असेल तर ती सही कोण करणार? म्हणून हे दसऱ्याआधी.

दुसरा, नॉन-क्रिमीलेअर. एससी आणि एसटी सोडून बाकी सगळ्या राखीव प्रवर्गांना लागतो. त्याची मुदत ३१ मार्चला संपते. प्रवेश होतो जून-जुलैला, म्हणजे पुढच्या वर्षीच्या ३१ मार्चपर्यंत चालणारा पाहिजे. काहींनी आधीच काढून ठेवलेला असतो, अगदी जपून प्लास्टिकच्या पिशवीत. जुलैमध्ये उघडून बघतात तर मुदत संपलेली. तेव्हा तारीख बघा. नवा काढायचा असेल तर एप्रिलमध्ये, आईवडील परत आले की पहिल्या आठवड्यात तहसीलला जा. आधी उत्पन्नाचे दाखले, मग त्यावर नॉन-क्रिमीलेअर.

तिसरा, अधिवास आणि राष्ट्रीयत्वाचा दाखला. हा एकदा काढला की काम झालं, पण तो काढलेलाच नसतो. वेळ मिळेल तेव्हा काढून ठेवा. ज्यांची दहावी-बारावी महाराष्ट्रातच झाली त्यांचं काम सरळ आहे. पण आपल्यातली काही मुलं आईवडिलांबरोबर फिरत कर्नाटकातल्या शाळेत शिकलेली असतात. दहावी तिकडं झाली असेल तर प्रवेशाच्या नियमांत तुमचा प्रकार कुठला, हे माहितीपुस्तिकेत वाचून घ्या. त्यात ए, बी, सी, डी, ई असे प्रकार दिलेले आहेत. बेळगाव, निपाणी, खानापूर अशा सीमाभागातल्या मराठी मुलांसाठीही वेगळा प्रकार आहे. ऐकणाऱ्यांमध्ये तिकडचं कुणी असेल तर तो भाग जरूर बघा.

फॉर्म भरला म्हणजे प्रवेशाचा फॉर्म भरला, असं नाही

हे मी दरवर्षी सांगते, आणि दरवर्षी कुणीतरी राहतंच. सीईटीचा फॉर्म हा फक्त परीक्षेला बसायचा फॉर्म. निकाल लागल्यावर प्रवेशासाठी परत नोंदणी करावी लागते. तिला कॅप म्हणतात, केंद्रीय प्रवेश प्रक्रिया. त्यात नव्यानं अर्ज, कागदांची तपासणी, मग गुणवत्ता यादी, मग कॉलेजांचे पर्याय भरायचे, मग फेऱ्या. एवढं सगळं वेगळं.

एक मुलगी सांगते. नाव-गाव नको. आईवडील दोघंही कोयत्यावर. ती आजीकडं राहून शिकली, सीईटीला नव्वदच्या वर पर्सेंटाइल आले. पर्सेंटाइल म्हणजे टक्के नव्हे, हे सगळ्यांनी ध्यानात घ्या. नव्वद पर्सेंटाइल म्हणजे शंभरातली नव्वद पोरं तिच्या बरोबरीला किंवा मागं. घरी पेढे वाटले. मग ती वाट बघत बसली की कॉलेजचं पत्र येईल. तिला वाटलं फॉर्म तर जानेवारीत भरलाय, आता सरकार सांगेल कुठं जायचं ते. ऑगस्टमध्ये माझ्याकडं आली ती बीएस्सीच्या प्रवेशाची पावती काढायला. मी सहज विचारलं, इंजिनिअरिंगचं काय झालं? म्हणाली, ‘नंबर लागला नाही वाटतं, काही मेसेज आला नाही.’ लॉगिन करून बघितलं. कॅपची नोंदणीच झालेली नव्हती. तोवर फेऱ्या संपत आल्या होत्या.

त्या मुलीला काय गेलं ते मोजून सांगते. जुलै २०२४ मध्ये सरकारनं निर्णय काढला की ईडब्ल्यूएस, एसईबीसी आणि ओबीसी प्रवर्गातल्या, आठ लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्या घरातल्या मुलींना व्यावसायिक शिक्षणाचं शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ. व्हीजेएनटी, एससी, एसटीच्या मुलींसाठी वेगळ्या योजना आधीपासून आहेत. म्हणजे आपल्या भागातल्या बहुतेक मुलींची फीची अडचणच राहिलेली नाही. पण अट एक. प्रवेश कॅपमधून झाला पाहिजे. नंतर थेट कॉलेजात जाऊन, कुणाला मध्ये घालून घेतलेल्या प्रवेशाला ही सवलत नाही. तर त्या मुलीकडं हुशारी होती, मार्क होते, सवलत होती. कॅप नावाची वेगळी पायरी आहे हे कुणी सांगितलेलं नव्हतं, एवढंच.

बीएस्सी वाईट आहे असं मी म्हणत नाही. पण ते तिनं निवडलेलं नव्हतं. माझं म्हणणं एवढंच आहे की, जे काही होईल ते तुम्ही ठरवून झालं पाहिजे.

पर्याय भरण्याबद्दल दोन वाक्यं. जे कॉलेज मनापासून पाहिजे ते वर टाका, मग खालची. मागच्या वर्षी कट-ऑफ किती होता ते बघा, पण भिऊन वरचे पर्याय सोडू नका. आणि पहिला पर्याय विचार करून टाका, कारण पहिल्या फेरीत पहिलाच पर्याय मिळाला तर तो पक्का धरला जातो, पुढच्या फेरीत बदलायला मिळत नाही.

पालकांसाठी थोडं

मावशी, काका, तुमच्याशी वेगळं बोलायचंय. तुम्ही म्हणता आम्हाला त्यातलं कळत नाही, पोरालाच विचारा. पण तुमच्याकडं जी माहिती आहे ती पोराकडं नाही. आजोबा कुठल्या शाळेत होते, जमीन कुणाच्या नावावर, कुठल्या नातेवाइकाकडं व्हॅलिडिटी आहे. कोयता घेऊन निघायच्या आधी एक संध्याकाळ पोराबरोबर बसा. सगळे कागद एका फाईलमध्ये लावा. आधारच्या झेरॉक्स, दाखले, शाळा सोडल्याचे दाखले. जिथं तुमची सही लागेल तिथं करून ठेवा. मात्र कोऱ्या कागदावर सही कुणालाच देऊ नका. पोराला तर नाहीच, मलाही नाही.

आणि तुमच्याकडं कुणी येऊन म्हणालं, पन्नास हजार द्या, सेंटर जवळचं करून देतो, मार्क वाढवून देतो, सीट पक्की करतो, तर त्याला चहा पाजा आणि वाटेला लावा. सेंटरसाठी जिल्ह्यांचा पसंतीक्रम फॉर्ममध्येच विचारतात. बीड, लातूर, छत्रपती संभाजीनगर, अहिल्यानगर, जे सोयीचं असेल ते पोरानं स्वतः निवडायचं. एसटीनं सकाळी वेळेत पोचता येईल का, राहायला कुणी आहे का, एवढं बघून ठरवा. त्याला पैसे लागत नाहीत.

सही आणि शेवटचं बटण

फोटो अलीकडचा, पांढऱ्या पडद्यावरचा. दहावीच्या हॉल तिकिटावरचा नको. सही कोऱ्या पांढऱ्या कागदावर काळ्या पेनानं, आणि जी तुम्ही परीक्षेच्या दिवशीही तशीच करू शकाल ती. बऱ्याच पोरांनी आयुष्यात पहिली सही याच फॉर्मसाठी केलेली असते. दुकानात बसून विचारतात, ‘ताई, सही कशी करू?’ मी म्हणते, तुझं नाव आहे, तुला पाहिजे तसं लिही. फक्त दहादा लिहून बघ, दहाही वेळा सारखी आली पाहिजे.

पैसे भरताना घाई नको. यूपीआयवरून पैसे कापले गेले आणि फॉर्मवर ‘भरले’ असं दिसलं नाही, तर लगेच दुसऱ्यांदा भरू नका. थोडं थांबा, परत लॉगिन करून स्थिती बघा. शेवटचं बटण दाबण्याआधी पूर्ण फॉर्म मोठ्यानं वाचा. शेजारी एकाला मार्कलिस्ट धरून बसवा. तो वाचेल, तुम्ही बघा. मुदत संपल्यावर दुरुस्तीला थोडे दिवस मिळतात, पण तेव्हा सगळंच बदलता येतं असं नाही. फॉर्म भरून झाला की अर्ज आणि पैशाची पावती दोन्हींची प्रिंट काढा, आणि पीडीएफ स्वतःच्या ई-मेलवर पाठवून ठेवा.

आणि शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. २०२४ मध्ये या परीक्षेला सात लाखांहून जास्त मुलांनी नोंदणी केली होती. शेवटच्या दोन दिवसांत त्यातली किती तरी पोरं एकाच वेळी साइटवर असतात. वर आपल्याकडची लाइट कधी जाईल सांगता येत नाही. नोंदणी सुरू झाली की पहिल्या दहा दिवसांत मोकळे व्हा. तशीही फेब्रुवारीत बोर्डाची परीक्षा असते, त्या धांदलीत हे नको.

नियम दरवर्षी थोडेफार बदलतात. फी बदलते, तारखा बदलतात, पद्धत बदलते. मी आज सांगितलेल्या तारखा आणि आकडे मागच्या वर्षांचे आहेत. सीईटी सेलच्या संकेतस्थळावर त्या त्या वर्षाची माहितीपुस्तिका येते. ती इंग्रजीत असते, लांबलचक असते, म्हणून कुणी वाचत नाही. तुम्ही चौघं-पाच जण मिळून वाचा. एकानं प्रवर्गाचं पान, एकानं तारखांचं, एकानं कागदांची यादी. अडलेला शब्द इंग्रजीच्या मॅडमना विचारा. बारावी सायन्सच्या पोरांना न झेपण्यासारखं त्यात काही नाही.

तर तीन वेळा ध्यानात ठेवा. दसऱ्याआधी व्हॅलिडिटीचा अर्ज, आधार आणि मोबाईल. नोंदणी सुरू झाली की दहा दिवसांत सीईटीचा फॉर्म, स्वतःच्या हातानं. एप्रिलमध्ये आईवडील आले की उत्पन्नाचा दाखला आणि नॉन-क्रिमीलेअर. आणि निकाल लागला की वाट बघत बसायचं नाही, कॅपची नोंदणी करायची. हे वहीत लिहून घ्या. ज्या मैत्रिणी आज आल्या नाहीत, ज्यांचे आईवडील आधीच निघून गेलेत, त्यांना फोन करून सांगा. त्यांना तुमच्यापेक्षा जास्त गरज आहे.

प्रश्न असतील तर आत्ता विचारा, नाहीतर दुकान सकाळी नऊला उघडतं. येताना आपापली फाईल घेऊन या.